ज्यांचा पैसा, त्यांना मत नाही

पंजाब अँड महाराष्ट्र को-ऑपरेटिव्ह बँकेनं, म्हणजे आपल्या तोंडी बसलेल्या पीएमसी बँकेनं, मार्च 2019 अखेरच्या ताळेबंदात आपलं ढोबळ अनुत्पादक कर्ज, म्हणजे थकलेल्या कर्जाचं प्रमाण, 3.76 टक्के दाखवलं होतं. नफा शंभर कोटींच्या जवळपास होता. वैधानिक लेखापरीक्षण, म्हणजे कायद्यानं सक्तीचं ऑडिट, झालं होतं, अहवाल छापून झाला होता. त्यानंतर सहा महिनेही लोटले नाहीत, तोच सप्टेंबर 2019 मध्ये रिझर्व्ह बँकेनं निर्बंध घातले. 137 शाखा आणि साडेअकरा हजार कोटींहून अधिक ठेवी असलेल्या या बँकेतून प्रत्येक खात्यामागे सहा महिन्यांत मिळून फक्त 1,000 रुपये काढता येतील, असा तो पहिला आदेश होता. ही मर्यादा पुढे टप्प्याटप्प्यानं वाढली, पण लोकांची लग्नं, शस्त्रक्रिया आणि शाळांच्या फिया त्या टप्प्यांसाठी थांबणार नव्हत्या.

नंतर कळलं ते असं. बँकेचं सुमारे 6,500 कोटींचं कर्ज, म्हणजे एकूण कर्जवाटपाच्या सत्तर टक्क्यांहून अधिक रक्कम, एचडीआयएल या एकाच बांधकाम समूहात अडकली होती. बँकेचा स्वनिधी, म्हणजे ठेवी सोडून तिचं स्वतःचं भांडवल, होता जेमतेम हजार कोटींच्या आसपास. समूहाची थकलेली खाती झाकण्यासाठी 21 हजारांहून अधिक बनावट कर्जखाती वह्यांमध्ये उभी केली होती. व्यवस्थापकीय संचालकांनी रिझर्व्ह बँकेला लिहिलेल्या कबुलीपत्रात हे का पचलं तेही सांगितलं आहे: लेखापरीक्षकांकडे वेळ कमी, म्हणून ते फक्त त्या वर्षी वाढलेली कर्जं तपासत आणि जुन्या खात्यांकडे वळत नसत. प्रचंड कर्जाचे हजारो छोटे तुकडे केले की प्रत्येक तुकडा तपासणीच्या चाळणीतून खाली पडतो. ज्यानं हे रचलं त्याला ऑडिट कसं चालतं ते नीट ठाऊक होतं.

अशी घटना घडली की 'ठेवीदारांनी जागरूक राहावं' हा सल्ला वर्तमानपत्रांतून, बँकिंग तज्ज्ञांकडून आणि कधी कधी मंत्र्यांकडूनही येतो. मला हा सल्ला अन्यायकारक वाटतो. पीएमसीचा एखादा ठेवीदार अत्यंत जागरूक असता, त्यानं वार्षिक अहवाल मागवून पहिल्या पानापासून शेवटच्या टिपेपर्यंत वाचला असता, तर त्याला काय दिसलं असतं? नफ्यातली, थकबाकी आटोक्यात असलेली बँक. तो वाचून आणखी दोन लाखांची मुदत ठेव ठेवून आला असता. आकडेच खोटे असताना वाचणाऱ्याच्या दक्षतेचा काहीही उपयोग नसतो. म्हणून प्रश्न ठेवीदाराच्या शहाणपणाचा नाही. वही कोण लिहितं, ती कोण तपासतं आणि तपासणाऱ्याला कोण नेमतं, हा खरा प्रश्न आहे. नागरी सहकारी बँकांत या प्रश्नाचं उत्तर फार अस्वस्थ करणारं आहे.

सहकारी बँकेत मताचा अधिकार सभासदाला, एका सभासदाला एक मत. आता सभासद कोण होतो ते पाहा. कर्ज घ्यायचं तर कर्जाच्या ठरावीक टक्के रकमेचे भाग (शेअर) घ्यावेच लागतात, म्हणजे कर्जदार आपोआप सभासद होतो. ठेव ठेवायला मात्र सभासद व्हावं लागत नाही. बहुसंख्य ठेवीदार होतही नाहीत आणि त्यांना कुणी तसं सुचवतही नाही. त्यामुळे ज्या सभेत संचालक निवडले जातात, ताळेबंद मंजूर होतो आणि लेखापरीक्षकाच्या नेमणुकीचा ठराव होतो, त्या सभेत बँकेचे कर्जदार मोठ्या संख्येनं बसलेले असतात आणि ज्यांच्या पैशावर बँक चालते ते सभागृहाबाहेर असतात. थकबाकी थकबाकी म्हणून नोंदवण्यात ज्यांचं नुकसान आहे, त्यांच्या मतांवर निवडून येणाऱ्या संचालकांनी ती प्रामाणिकपणे नोंदवावी अशी आपली अपेक्षा आहे. अनेक बँकांत ती आजवर पूर्णही झाली आहे, ही त्या माणसांची थोरवी. पण व्यवस्था माणसांच्या थोरवीवर सोडून देता येत नाही.

सुरुवातीला ही रचना चुकीची नव्हती. सहकारी पतसंस्थांचा कायदा 1904 सालचा आणि त्यामागचा नमुना जर्मनीतल्या रायफायझनच्या ग्रामीण संस्थांचा. गावातले पन्नास-शंभर लोक, एकमेकांना ओळखणारे, आज जो पैसे ठेवतो तोच उद्या कर्ज काढतो. तिथे ठेवीदार आणि कर्जदार ही एकाच माणसाची दोन रूपं होती, म्हणून सभासदाचं मत दोन्ही बाजूंचं मत होतं. शामराव विठ्ठल आणि कॉसमॉस 1906 मधल्या, पुण्याची रुपी बँक 1912 ची, सारस्वत 1918 ची. ज्या मध्यमवर्गाला मोठ्या बँका दारात उभ्या करत नव्हत्या, त्यानं आपल्या जातबांधवांच्या, पेठेच्या, गिरणीच्या ओळखीवर या संस्था उभ्या केल्या. महाराष्ट्राच्या आधुनिक इतिहासातलं हे एक खरंखुरं कर्तृत्व आहे आणि मी ते कमी लेखत नाही. मात्र बँक पेठेबाहेर गेली, दुसऱ्या राज्यात शाखा निघाल्या, अनोळखी माणसांच्या ठेवी येऊ लागल्या, तेव्हा सभासद आणि ठेवीदार हे दोन वेगळे समूह झाले. कायदा मात्र त्यांना अजून एकच धरून चालतो.

कर्ज 'बुडालं' असं आपण म्हणतो तेव्हा ते एखाद्या तारखेला घडलेली घटना असावी असं वाटतं. प्रत्यक्षात कर्ज बुडतं ते बँकेत कुणीतरी तसं लिहिल्यावर. व्याज किंवा हप्ता 90 दिवसांहून अधिक थकला तर खातं अनुत्पादक धरायचं, त्यावरचं न मिळालेलं व्याज उत्पन्नात घ्यायचं नाही आणि संभाव्य तोट्यासाठी नफ्यातून तरतूद करायची, असा नियम आहे. एकोणनव्वदाव्या दिवशी त्याच कर्जदाराला किंवा त्याच्या भावाच्या नावे नवं कर्ज मंजूर केलं आणि त्या पैशातून जुना हप्ता भरून घेतला, तर खातं स्वच्छ राहतं. याला आपल्याकडे 'नवं-जुनं करणं' म्हणतात. सोसायट्यांपासून मोठ्या बँकांपर्यंत सगळीकडे हा शब्द चालतो आणि तो उच्चारताना कुणाला संकोचही वाटत नाही. या नवं-जुनंमुळे न मिळालेलं व्याज उत्पन्न म्हणून दिसतं, उत्पन्नातून नफा दिसतो, नफ्यातून लाभांश वाटला जातो, लाभांशावर सभासद खूश होतात आणि तेच संचालक पुन्हा निवडून येतात. मधल्या काळात खरा पैसा फक्त बाहेर जात असतो.

देशपातळीवर हेच आपण दोनदा अनुभवलं आहे. नरसिंहम समितीच्या 1991 च्या शिफारशींनंतर सरकारी बँकांना पहिल्यांदा ठाम निकषांनी थकीत कर्जं मोजावी लागली. तोवर वसूल न झालेलं व्याजही जमेत धरलं जात होतं. मोजल्यावर मार्च 1993 मध्ये ढोबळ अनुत्पादक कर्जाचं प्रमाण सुमारे 23 टक्के निघालं. दुसरी वेळ 2015 ची. रघुराम राजन गव्हर्नर असताना रिझर्व्ह बँकेनं बँकांच्या मोठ्या कर्जखात्यांची विशेष तपासणी केली. मार्च 2015 मध्ये चार टक्क्यांच्या थोडं वर असलेलं प्रमाण मार्च 2018 मध्ये अकरा टक्क्यांपुढे गेलं. त्या तीन वर्षांत देशातले सगळे उद्योजक अचानक बुडाले नव्हते. पोलाद, वीज आणि रस्ते प्रकल्पांची ती कर्जं आधीच गेलेली होती, वह्यांनी ते उशिरा कबूल केलं इतकंच. 2016 मध्ये दिवाळखोरी संहिता आली, सरकारनं बँकांत भांडवल घातलं, तरतुदी झाल्या, बरीच कर्जं निर्लेखित झाली, म्हणजे ताळेबंदातून काढून टाकली गेली, आणि मार्च 2025 पर्यंत प्रमाण अडीच टक्क्यांच्या आत आलं. आकडा आधी वाढू दिला म्हणून तो नंतर कमी झाला.

आपल्या शेजारी बांगलादेशात ऑगस्ट 2024 च्या सत्तांतरानंतर हेच घडलं. जून 2024 मध्ये तिथल्या बँकांचं थकीत कर्ज 12.56 टक्के दाखवलं होतं. तिथल्या मध्यवर्ती बँकेच्या नव्या गव्हर्नरांनी खरं मोजायला लावलं आणि डिसेंबरअखेर ते वीस टक्क्यांवर गेलं. पुढच्या वर्षी तर तिशीही ओलांडली. ज्या काही उद्योगसमूहांनी बँकांची संचालक मंडळंच ताब्यात घेतली होती, त्यांनाच कर्जं गेली होती आणि पुनर्गठनाच्या सवलतींखाली ती झाकली गेली होती. आफ्रिकेत घानानं 2017 पासून अशीच साफसफाई केली आणि अनेक बँकांचे परवाने रद्द केले. वाढत्या अर्थव्यवस्थांत हा प्रकार पुन्हा पुन्हा का दिसतो? तिथे भांडवल थोडं असतं, ते मिळवण्याचा मुख्य मार्ग बँक असतो आणि बँकेवर ताबा मिळवणं हा उद्योग उभारण्यापेक्षा सोपा रस्ता ठरतो. शेअर बाजार, रोखे बाजार, पतमानांकन, चिकित्सक अर्थपत्रकारिता या इतर नजरा तिथे दुबळ्या असतात. उरतो एकटा लेखापरीक्षक.

आर्थिक विकासाच्या चर्चेत आपण खाती मोजतो. 2014 मध्ये सुरू झालेल्या जनधन योजनेत पन्नास कोटींहून अधिक खाती निघाली, ही मोठी गोष्ट आहेच. जागतिक बँकेच्या पाहणीत 2011 मध्ये भारतातल्या 35 टक्के प्रौढांकडे खातं होतं, दहा वर्षांत ते प्रमाण दुपटीच्या पुढे गेलं. पण खातं म्हणजे गरिबाचा पैसा बँकेत येण्याची वाट. तो तिथून पुढे कुठे जातो हे वहीच्या खरेपणावर ठरतं. पीएमसीच्या बाबतीत ठेवीदारांवरच्या अन्यायाबद्दल बरंच लिहिलं गेलं, दुसऱ्या नुकसानीबद्दल फार कमी. त्या 6,500 कोटींतून मुंबईतले किती कारखानदार, रिक्षावाले, दुकानदार, छापखानेवाले कर्ज घेऊ शकले असते? बुडीत कर्जाचं नवं-जुनं करण्यात जो पैसा जातो तो नव्या धंद्याला मिळत नाही. जपाननं 1990 च्या दशकात हे दुखणं अनेक वर्षं सोसलं, आणि जपान तर श्रीमंत देश होता.

कुणी म्हणेल, कर्जाचं वर्गीकरण गुंतागुंतीचं असतं, त्यात मतभेद होऊ शकतात. मग रोकड तरी पाहू. रोकड मोजायला कुठलीही लेखासंहिता लागत नाही. फेब्रुवारी 2025 मध्ये मुंबईच्या न्यू इंडिया को-ऑपरेटिव्ह बँकेवर निर्बंध आले. जॉर्ज फर्नांडिस यांच्या पुढाकारानं 1968 मध्ये कामगारांसाठी सुरू झालेली ही बँक. प्रभादेवी आणि गोरेगावच्या तिजोऱ्यांत असायला हवे होते ते 122 कोटी रुपये तिथे नव्हतेच. प्रभादेवीच्या तिजोरीत मुळात जेमतेम दहा कोटी मावत असल्याचं पोलीस तपासात पुढे आलं. वर्षानुवर्षं वहीत शिल्लक लिहिली जात होती, अंतर्गत, समवर्ती (कामकाजासोबत सतत चालणारी) आणि वैधानिक अशा तीन पातळ्यांवर तपासणी होत होती, आणि तिजोरी उघडून नोटा मोजण्याचं काम रिझर्व्ह बँकेच्या तपासणीपर्यंत कुणी केलं नाही. संबंधितांवर खटले चालतील, दोषी कोण ते न्यायालय ठरवेल. ठेवीदारांना मात्र पहिल्या काही दिवसांत एक रुपयाही काढता आला नाही. ऑगस्ट 2025 मध्ये ती बँक सारस्वत बँकेत विलीन झाली म्हणून ते सुटले. दर वेळी मदतीला एखादी सारस्वत बँक असेलच असं नाही.

रुपी बँकेच्या ठेवीदारांना तसं कुणी मिळालं नाही. फेब्रुवारी 2013 मध्ये निर्बंध आले, ऑगस्ट 2022 मध्ये परवाना रद्द झाल्याचा आदेश निघाला. मधली साडेनऊ वर्षं पुण्यातले निवृत्त लोक विलीनीकरणाच्या बातम्यांवर जगत होते. ठेव विम्याची रक्कमसुद्धा परवाना रद्द झाल्याशिवाय मिळत नसे. 2021 च्या दुरुस्तीनं निर्बंध लागल्यापासून 90 दिवसांत विमा रक्कम देण्याची तरतूद आली, तेव्हा कुठे पाच लाखांपर्यंतच्या ठेवीदारांची सुटका झाली. ही दुरुस्ती अतिशय चांगली होती, पण ती यायला पीएमसीच्या ठेवीदारांना रस्त्यावर उतरावं लागलं. विम्याची एक लाखाची मर्यादा 1993 पासून जागची हललेली नव्हती, ती फेब्रुवारी 2020 मध्ये पाच लाख झाली, त्यालाही हेच कारण.

पाच लाखांच्या विम्यात देशातली जवळपास 98 टक्के खाती पूर्ण सुरक्षित होतात, असं समाधानानं सांगितलं जातं. रकमेच्या हिशेबात हे संरक्षण निम्म्याहून कमी ठेवींना आहे. ज्यांची ठेव पाच लाखांवर आहे ते सगळे धनवान नसतात. भविष्यनिर्वाह निधी आणि ग्रॅच्युइटी मिळून तीस लाख हाती आलेला गिरणीतला किंवा महापालिकेतला माणूस या गटात येतो. गृहनिर्माण संस्था तर येतेच. इमारतीच्या पुनर्बांधणीसाठी, लिफ्टसाठी वर्षानुवर्षं साठवलेला निधी कुठे ठेवायचा यावर सहकार कायद्याच्या कलम 70 चं बंधन आहे आणि 'अ' ऑडिट वर्ग, म्हणजे ऑडिटमध्ये मिळालेली वरची श्रेणी, हा त्यातला निकष. म्हणजे शासन ऑडिटच्या निकालाकडे बोट दाखवून सामान्यांचा पैसा सहकारी बँकांकडे वळवतं. ते ऑडिट खोटं निघालं की जबाबदारी कुणाचीच नाही. पीएमसी 2022 मध्ये युनिटी स्मॉल फायनान्स बँकेत विलीन झाली तेव्हा पाच लाखांवरच्या वैयक्तिक ठेवी दहा वर्षांपर्यंतच्या हप्त्यांत देण्याचं ठरलं आणि संस्थात्मक ठेवीदारांच्या विम्याबाहेरच्या रकमेचा ऐंशी टक्के भाग कायमस्वरूपी अग्रहक्क भागांत बदलला गेला. सोसायटीच्या लिफ्टचे पैसे बँकेचं भांडवल झाले आणि कुणी त्या सोसायटीच्या सभासदांची परवानगी विचारली नाही.

सहकार चळवळीतले जाणते लोक यावर रास्त आक्षेप घेतात. ते म्हणतात, घोटाळे काय फक्त सहकारात होतात? येस बँकेनं 2015-16 साठी सुमारे 749 कोटींचं अनुत्पादक कर्ज दाखवलं होतं, रिझर्व्ह बँकेच्या मोजणीत ते 4,900 कोटींच्या पुढे निघालं. इंडसइंड बँकेच्या डेरिव्हेटिव्ह व्यवहारांच्या हिशेबातली जवळपास 1,960 कोटींची चूक 2025 मध्ये बाहेर आली. या बँकांच्या ताळेबंदांवर सही करणाऱ्या लेखापरीक्षण संस्था नामांकित होत्या. हे सगळं खरं आहे. पण त्या दोन्ही बँकांत पुढे काय झालं तेही पाहायला हवं. शेअरची किंमत घसरली, विश्लेषकांनी प्रश्न विचारले, वरच्या खुर्च्यांवरची माणसं गेली. सहकारी बँकेचा शेअर बाजारात विकला जात नाही, दर्शनी किमतीलाच परत होतो. शंका आलेल्या माणसाला ती व्यक्त करायला जागाच नाही, आणि पहिली बातमी येते ती थेट निर्बंधांची. शिवाय सत्यम घोटाळ्यानंतर कंपन्यांच्या लेखापरीक्षकांवर नजर ठेवायला राष्ट्रीय वित्तीय अहवाल प्राधिकरण आलं, 2018 पासून ते कामही करत आहे. सहकारी बँक ही कंपनी नसल्यानं तिचा लेखापरीक्षक या प्राधिकरणाच्या कक्षेत येत नाही.

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे. छोट्या बँकेनं खरे आकडे दाखवले की लोक घाबरून ठेवी काढतील आणि चांगली चालू शकणारी बँकही बुडेल. सरकारी बँकांचं प्रमाण पंधरा टक्क्यांवर गेलं तरी लोक स्टेट बँकेसमोर रांगा लावत नाहीत, कारण मागे सरकार आहे. सहकारी बँकेमागे कुणी नाही. ही भीती मी मान्य करतो. 2001 मध्ये अहमदाबादची माधवपुरा सहकारी बँक अडचणीत आल्यावर गुजरातभर सहकारी बँकांतून ठेवी काढण्यासाठी जी घबराट उडाली ती विसरण्यासारखी नाही. पण या भीतीतून निघणारा निष्कर्ष लपवण्याच्या बाजूचा नाही. थकबाकी पाच टक्के असताना ती कबूल केली तर वसुलीला वेळ असतो, भांडवल उभारता येतं, शेजारची सशक्त बँक विलीनीकरणाला तयार होते. सत्तर टक्के झाल्यावर कुणीच येत नाही. खोटी वही बँकेला घबराटीपासून वाचवत नाही. ती घबराट पुढे ढकलते आणि तोवर मोठी करून ठेवते.

रिझर्व्ह बँकेनं काहीच केलं नाही असं म्हणणं अन्यायाचं होईल. बँकिंग नियमन कायद्याच्या 2020 च्या दुरुस्तीनं नागरी सहकारी बँकांवरचं सहकार खातं आणि रिझर्व्ह बँक असं दुहेरी नियंत्रण बरंच कमी झालं. लेखापरीक्षक नेमायला किंवा काढायला रिझर्व्ह बँकेची पूर्वपरवानगी लागू लागली. एप्रिल 2021 च्या परिपत्रकानं एका लेखापरीक्षण संस्थेला सलग तीनच वर्षं आणि नंतर सहा वर्षांची विश्रांती असा नियम आला. पण त्या परिपत्रकाचा गाभा पाहा: नावं बँकच पसंतीक्रमानं पाठवते, रिझर्व्ह बँक त्यातून मंजुरी देते, मानधन बँक देते. ज्याला तपासायचं आहे तोच पसंती कळवतो. ही गाठ सोडवल्याशिवाय बाकीच्या सुधारणा वरवरच्या राहतील असं माझं ठाम मत आहे.

नागरी सहकारी बँकांचे लेखापरीक्षक रिझर्व्ह बँकेनं पात्रतायादीतून चिठ्ठी टाकून नेमावेत आणि त्यांचं मानधन सगळ्या बँकांकडून मालमत्तेच्या प्रमाणात गोळा केलेल्या सामायिक निधीतून द्यावं. एका शाखेच्या बँकेला चांगलं ऑडिट परवडत नाही, ही तक्रारही त्यातून मिटेल. 2024 मध्ये सुरू झालेली नागरी सहकारी बँकांची शिखर संस्था, राष्ट्रीय नागरी सहकारी वित्त आणि विकास महामंडळ, हा निधी सांभाळायला योग्य आहे. तिथे मोठ्या बँकांचंच वर्चस्व होऊ नये एवढी काळजी घ्यावी लागेल. मोठ्या कर्जखात्यांइतकंच लक्ष एका वर्षात अचानक वाढलेल्या छोट्या खात्यांकडे देणं लेखापरीक्षकावर बंधनकारक हवं. पीएमसीतून शिकण्यासारखी तांत्रिक गोष्ट हीच आहे.

ठेवीदाराला प्रतिनिधित्व देण्याला सहकारातून सर्वाधिक विरोध होईल, याची मला कल्पना आहे. 'आमची संस्था सभासदांची' हे वाक्य लगेच पुढे येईल. त्यावर मार्ग साधा आहे: सलग तीन वर्षं ठरावीक रकमेवर ठेव राखणाऱ्याला एक नाममात्र भाग देऊन पूर्ण मताधिकाराचा सभासद करावं आणि संचालक मंडळात ठेवीदारांसाठी किमान दोन जागा राखाव्यात. कर्ज थकवलेल्या सभासदानं लेखापरीक्षणाशी संबंधित कोणत्याही ठरावावर मत देऊ नये.

आणि माहिती. रिझर्व्ह बँकेनं 2017 पासून व्यापारी बँकांना थकीत कर्जाची आपली मोजणी आणि बँकेची मोजणी यातली मोठी तफावत जाहीर करायला लावली. येस बँकेचं बिंग त्यातूनच फुटलं. 2022 मध्ये हा नियम नागरी सहकारी बँकांपर्यंत आला, पण ठरावीक मर्यादेवरच्या तफावतीलाच आणि तोही ताळेबंदाच्या मागच्या टिपांत. हा आकडा, कितीही लहान असो, शाखेच्या फलकावर व्याजदरांच्या शेजारी मराठीत लागायला हवा. सर्वोच्च न्यायालयानं 2015 मध्येच सांगितलं होतं की रिझर्व्ह बँकेचं बँकांशी विश्वस्ताचं नातं नाही, तिची बांधिलकी जनतेशी आणि ठेवीदारांशी आहे, म्हणून तपासणीची माहिती माहिती अधिकारात दडवता येणार नाही. त्यानंतर बँकांनी पुन्हा न्यायालयाचे दरवाजे ठोठावले. ज्यांचा पैसा आहे त्यांच्यापासून तपासणीचा निकाल लपवण्यासाठी त्यांच्याच ठेवींच्या जिवावर वकील दिले जातात, याचा मला मनापासून राग येतो.

पतसंस्था आणि मल्टिस्टेट सोसायट्यांची गत याहून वाईट आहे. तिथे रिझर्व्ह बँक नाही, ठेव विमाही नाही. बीडच्या ज्ञानराधा मल्टिस्टेटमध्ये मराठवाड्यातल्या लाखो कुटुंबांनी कापसाचे, जमीन विकलेले, मुलीच्या लग्नाचे पैसे ठेवले होते, ते अडकून पडले. बाहेर पाटी 'को-ऑपरेटिव्ह' अशीच असल्यानं सामान्य माणसाला बँक आणि सोसायटी यातला फरक दिसत नाही. दर्शनी भागात ठळक अक्षरांत 'येथील ठेवींना विमा नाही' असं लिहिण्याची सक्ती करायला कुठल्या समितीच्या अहवालाची वाट पाहायची गरज आहे, हे मला समजत नाही.

रिझर्व्ह बँकेनं ऑक्टोबर 2025 मध्ये नव्या हिशेबपद्धतीचा मसुदा काढला. कर्ज थकण्याची वाट न पाहता ते थकण्याची शक्यता धरून आधीच तरतूद करायची, अशी ती पद्धत. अंमलबजावणीसाठी एप्रिल 2027 ही तारीख दिली आहे. हा मसुदा व्यापारी बँकांसाठी आहे. नागरी सहकारी बँका त्याच्या बाहेर, 90 दिवसांच्या जुन्या नियमावर राहतात. लहान बँकांना ती गणितं लगेच झेपणार नाहीत हे कारण पटण्यासारखं आहे, पण हजारो कोटींच्या ठेवी असलेल्या मोठ्या नागरी बँकांना ते लागू पडत नाही. त्यांच्यासाठी निदान अंमलबजावणीचं वर्ष आताच जाहीर व्हावं. राज्य सरकारनंही येत्या अधिवेशनात सहकार कायद्यात ठेवीदार-सभासदाची तरतूद आणावी, म्हणजे पुढच्या सप्टेंबरच्या वार्षिक सभांत लेखापरीक्षकाच्या नेमणुकीचा विषय पुकारला जाईल तेव्हा हात वर करणाऱ्यांत ठेवीदारही असतील.